तांबीचा उपवास

ऊस रस्त्यावर आला, की मला मळमळतं. खरंच मळमळतं, उगाच लिहायचं म्हणून लिहीत नाही. दिवाळी उरकते, सकाळी स्वेटर घालावा की नको असं होतं, आणि एक दिवस वाळूजच्या चौकात आमच्या कंपनीच्या बसपुढं दोन ट्रॉल्या जोडलेला ट्रॅक्टर उभा असतो. शेंड्याच्या हिरव्या वाढ्यांची शेपटं लोंबत असतात. मागच्या ट्रॉलीला लाल फडकं बांधलेलं, ट्रॅक्टरवर फुल आवाजात गाणं, आणि कापलेल्या कांड्यांचा तो ओला, गोडूस वास डिझेलच्या धुरात मिसळून बसच्या खिडकीतून आत येतो. बाकीच्यांना त्या वासानं रस आठवतो, गूळ आठवतो. मला गाडीची मागची सीट आठवते, जुनी वाकळ आठवते, आणि मायच्या मांडीवर डोकं टाकून पडलेली आमची तांबी.

आज सकाळी तसंच झालं. बस थांबली. मागच्या सीटवरच्या एका पोरानं खिडकीतून हात घालून ट्रॉलीतला एक ऊस ओढून काढला. मोडून वाटायला लागला.

"मॅडम, घ्या की. पहिला ऊस हाय यंदाचा."

"नको. गाडीत मी काही खात नाही."

"आजारी बिजारी हाय का?"

"नाही. शहाणी आहे," मी म्हटलं. सगळी बस हसली. हसू दे.

माझा हा शहाणपणा स्वस्तात आलेला नाही. आमचं गाव गंगापूर तालुक्यात, गोदावरीच्या अंगाला. थोडा ऊस, थोडा कापूस. मी कॉलेजला शहरात जायचे ती काळ्या-पिवळ्या जीपनं. माझ्या आधी आमच्या घरात कुणी बारावीच्या पुढं गेलेलं नव्हतं, त्यामुळं कॉलेजला जाणाऱ्या पोरीला काय खायला द्यायचं असतं हे कुणाला माहीत नव्हतं. मायनं आपल्या अकलेनं ठरवलं, की शिकायला ताकद लागते. मग सकाळी सकाळी दह्यात कुस्करलेली भाकरी, वर शेंगदाण्याची चटणी, वर पुन्हा दही. मी खायचे. जीप निघायची. वाळूजच्या अलीकडं कुठंतरी मी सगळं परत करायचे.

उपाय सगळ्यांनी सांगितले. लिंबू हुंगून झालं. रुमालात कापूर बांधून झाला. पेपरवर बसलं की उलटी होत नाही असं कुणी सांगितलं, तर मी महिनाभर पेपरवर बसून गेले आणि पेपरवर बसून ओकले. जीपवाल्यानं माझी जागा ठरवून दिली होती, मागच्या दाराशी. बॅगेत जर्नलच्या शेजारी रिकामी कॅरीबॅग ठेवूनच मी तीन वर्षं काढली आणि बी.एस्सी. झाले, केमिस्ट्री घेऊन, पहिल्या वर्गात. माझा धाकटा भाऊ गणेश म्हणतो, ताईची अर्धी डिग्री कॅरीबॅगेत गेली. म्हणू दे. उरलेली अर्धी भिंतीवर फ्रेम करून लावलेली आहे, पाहुण्यांना दिसंल अशी.

शेवटच्या वर्षाला माझं मलाच कळलं. रात्री हलकं जेवायचं, सकाळी घोटभर पाणी, आणि खायचं ते उतरल्यावर, पाय जमिनीला लागून जरा वेळ गेला की. ओकारी थांबली. पण मायला ते कधीच पटलं नाही.

"उपाशी पोटी घरातून काढून देऊ काय तुला? मी काय सावत्र हाय?"

आणि हे बोलून झाल्यावर ती स्वतःच्याच तोंडावर हात ठेवायची, कारण त्यातला पहिलाच शब्द घरातून निघायच्या वेळी काढायचा नसतो. आमच्याकडं निघताना 'जाते' म्हणत नाहीत, 'येते' म्हणतात. तसं मायच्या उंबऱ्यावर 'उपाशी' हा शब्द चालत नाही. उपाशी माणूस वाटेला लागला की वाट लांबते, असं तिचं म्हणणं. मी तिला अंतर आणि वेग समजावून सांगितला होता. तिनं ऐकून घेतलं आणि माझ्या हातावर दही ठेवलं.

तांबी आमच्या कंपनीच्या गेटवरची कुत्री. पिल्लू असताना वॉचमनच्या शेगडीपाशी पडून असायची. तांबूस रंगाची, एक कान अर्धा गेलेला. मी घरी आणली, वाळूजजवळच्या वसाहतीतल्या माझ्या दोन खोल्यांत. आबा, म्हणजे माझे वडील, गेल्यावर माय माझ्याकडं राहायला आली आणि तांबी माझी राहिली नाही. ती मायची झाली. दोघी दिवसभर दारात बसून रस्त्यावरच्या लोकांना नावं ठेवायच्या, एक तोंडानं, एक भुंकून.

गणेश फर्दापूरला असतो. स्वतःची गाडी आहे, लेण्या बघायला येणारी माणसं फिरवतो. त्याच्याकडं पहिल्यांदा तांबीला घेऊन गेलो तेव्हा मायनं निघताना तिला दूध-पोळी घातली. नुसती नव्हे, पोटाला हात लावून बघून घातली. सिल्लोडपर्यंत तांबी खिडकीतून वारं खात मजेत होती. अजिंठ्याच्या घाटात पहिल्या वळणाला तिनं ओठ चाटले. दुसऱ्या वळणाला तोंडातून लाळेची तार लोंबली. मला ती चिन्हं ओळखीची होती. मी गणेशला म्हटलं, थांब. तो म्हणाला, घाटात कुठं थांबू? तिसरं वळण काही गणेशच्या सीट कव्हरला मानवलं नाही.

"ताई, उद्या फॉरेनची पाव्हणी बसणारेत इथं! काय सांगू त्यांना, अत्तर हाय म्हणून?"

"पोटात अन्न होतं म्हणून एवढ्यावर भागलं," माय म्हणाली. "मोकळं पोट असतं तर आतडी बाहेर आली असती."

तेव्हापासून तांबीच्या प्रवासाचं खातं मी माझ्याकडं घेतलं. ती माझ्यासारखीच होती, गाडी लागणारी. आदल्या संध्याकाळी थोडा भात. सकाळी काही नाही. वाटेत सावलीला थांबायचं, खाली उतरवायचं, पाणी तळहातावर घेऊन चाटवायचं, भांडंभर नाही. लांबचा पल्ला असला तर मधल्या थांब्यावर चतकोर पोळी, तीही गाडी थांबून बराच वेळ झाल्यावर, आणि नंतर लगेच गाडीत कोंबायचं नाही. माय हे सगळं बघायची, आणि खिडकीकडं तोंड करून बसायची. एखादं बिस्कीट तिच्या पदराच्या गाठीत असायचंच. मी गाठ तपासायचे. आम्ही दोघी यावर हसायचो सुद्धा.

त्या उसाच्या हंगामात हसणं बंद झालं.

तांबी तेव्हा म्हातारी व्हायला लागली होती. आधी पाणी जास्त प्यायला लागली, वाडगंच्या वाडगं. मग खाणं सोडलं. भाकरी हुंगायची आणि मान फिरवायची. अंग तापलेलं. आमच्या इथले जनावरांचे डॉक्टर, शेख सर, चांगला माणूस, त्यांनी मशीन लावून बघितलं आणि बराच वेळ स्क्रीनकडंच बघत राहिले.

"ताई, पिशवीत पू झालाय. काढावी लागेल. पण हिचं हृदय साथ देईना. माझ्याकडं ती भूल द्यायची सोय नाही. पुण्याला न्या. मी फोन करतो. उद्याच्या उद्या."

माय दवाखान्याच्या पायरीवर बसली. आमच्याकडं बायकांच्या बोलण्यात 'पिशवी' आली की भाजीची पिशवी कुणी समजत नाही. ऊस तोडायला जाणाऱ्या बायकांत, कापूस वेचणाऱ्या बायकांत, लग्नाच्या मांडवात सुद्धा हळू आवाजात तेच चालतं. हिची काढली, तिची काढायची सांगितली. मायची काढलेली आहे. कुत्रीला पण तेच दुखणं होतं, हे तिला नव्यानं कळत होतं.

"आणि रात के बाद हिला कुछ बी नको," शेख सर दारापर्यंत येऊन म्हणाले. ते घाईत असले की मराठीत दखनी मिसळतात. "बिस्कुट नको, दूध नको. भुलीत उलटी झाली तर फुप्फुसात जाईल. मग ना माझ्या हातात काही, ना त्यांच्या."

हे मी ऐकलं. माय पायरीवर होती, तांबीच्या कानात काहीतरी पुटपुटत.

संध्याकाळी गणेश गाडी घेऊन आला. मी त्याला सगळं सांगितलं. जेवताना तो मायला म्हणाला. मला ते वाक्य अजून तसंच्या तसं ऐकू येतं.

"माय, उद्या तांबीला उपवास हाय बरं का."

त्याला 'उपाशी' म्हणायचं नव्हतं. निघायची वेळ, तो शब्द, मायचा स्वभाव, पोरगा सगळं ओळखून होता. मला त्याचं कौतुकच वाटलं. किती सफाईनं सांगितलं, असं.

"बरं," माय म्हणाली. "आजारी जीव हाय, पण धरू दे. देव बघतोय."

सकाळी मी अंघोळ करून येईतो स्वयंपाकघरात कुकरचा नाही, पातेल्याचा वास होता. भगर शिजल्याचा. तुपात जिरं तडतडल्याचा. माय स्वतः उपवासाची बाई, आठवड्यातले निम्मे वार तिचे धरलेले असतात. मी डबा बघितला, झाकण लावलेलं, आणि वाटेसाठी केलं असेल म्हणून तांबीची फाइल शोधायला लागले.

निघालो. माय मागं, मांडीवर वाकळ, वाकळीवर तांबी. मी तिच्याशेजारी. गणेश एकटा पुढं. गारठा होता. रस्त्याच्या दोन्ही बाजूंच्या बाभळींना कापूस अडकलेला, कापसाच्या गाड्या रात्रभर त्या रस्त्यानं गेलेल्या. कारखान्याकडं जाणाऱ्या टायरगाड्या, बैलांच्या तोंडाला वाफ. कुठल्याही दुसऱ्या दिवशी मी म्हटलं असतं, काय सुंदर सकाळ आहे. त्या दिवशी मी तांबीच्या पोटाकडं बघत होते. ते वर होतंय, खाली होतंय.

कायगावच्या पुलाच्या अलीकडं गाडी थांबली. पुढं ट्रक, त्याच्या पुढं ट्रक. गणेश उतरून बघून आला.

"ट्रॉली पलटी झालीय. सगळा ऊस रस्त्यावर."

"माणसाला काही लागलं का?"

"नाय. पण रस्ता बंद हाय."

गाडी बंद केली. काचा खाली. तो वास आत आला, सांडलेल्या उसाचा, चाकांखाली चेचलेल्या कांड्यांचा. पुण्याहून डॉक्टर बाईंचा फोन आला, कुठपर्यंत आलात. मी सांगितलं. त्या म्हणाल्या, लवकर या, ताप असेल तर पिशवी आत फुटायची भीती असते. मी फोन ठेवला. मग तांबीनं ओठ चाटले.

पुन्हा चाटले. लाळेची तार.

मी दार उघडून तिला खाली घ्यायच्या आत तिचं पोट आत ओढलं गेलं आणि वाकळीवर सगळं आलं. मला वाटलं पाणी असेल, पिवळं पित्त असेल. ते पांढरं होतं. बारीक बारीक दाणे. मधे शेंगदाण्याचं कूट.

"माय," मी म्हटलं. "हे काय आहे?"

"भगर."

"भगर हिच्या पोटात कशी आली?"

"मी घातली. सकाळी." माय माझ्याकडं असं बघत होती जसं मीच काहीतरी चुकीचं विचारतेय. "उपवासाचंच घातलं. धान्याचा कण नाय दिला तिला."

गणेशनं कपाळ स्टिअरिंगवर टेकवलं. हॉर्न वाजला. पुढचा ट्रकवाला उतरून शिव्या द्यायला लागला.

"माय, उपवास म्हणजे पोटात काही नाही असा उपवास," गणेश म्हणाला. आवाज रडका.

"मग तसं म्हणायचं. निर्जळी म्हणायचं. मला काय ठावं? उपवास म्हणलास तू. उपवासाला भगर नाय खायची तर काय खायचं?"

मी बी.एस्सी., तो चार भाषांत गिऱ्हाईक पटवणारा, आणि चुकलो आम्हीच. बरोबर होतं तिचं. आमच्या भाषेत ज्या दिवशी सगळ्यात चवीचं खातात त्या दिवसाला उपवास म्हणतात. दवाखान्यातल्या उपवासाला आमच्याकडं शब्दच एक आहे, आणि तो निघताना काढायचा नसतो.

"किती खाल्ली?"

"वाटीभर. दही घालून." मग मायचा आवाज एकदम बदलला. "आगं, खाल्ली ना पण ती. किती दिसानं तोंड लावलं तिनं अन्नाला. माझ्या हातनं खाल्लं, बोटं चाटली. मी म्हणलं, आता वाचती ही. जेवणारं जनावर मरत नसतं."

मी चिडणार होते. चिडता आलं नाही. ती वाटी तांबीनं चाटून पुसून ठेवली असेल, आणि मायनं ती दोन्ही हातांत धरून बघितली असेल, हे मला दिसायला लागलं.

डॉक्टरांना फोन लावला. त्या ओरडल्या नाहीत, ते जास्त घाबरवणारं होतं. कधी खाल्लं, किती, उलटीत किती पडलं, एवढंच विचारलं. म्हणाल्या, या, पण पोट रिकामं दिसल्याशिवाय मी भूल देणार नाही. आणि फार थांबताही येणार नाही. आता पाणी सुद्धा नको. तोंड पुसून घ्या, मान जरा खाली ठेवा.

म्हणजे घाई पण करायची आणि थांबायचं पण. दोन्हीकडून धोका. आणि आम्ही तर जागचे हलतच नव्हतो.

गणेश उतरला आणि पळत पुढं गेला. मी पण गेले. लोक उसाच्या मोळ्या उचलून कडेला टाकत होते, सावकाश, बिड्या पीत. गणेश त्यांच्यात घुसला.

"दादा, एवढी एक बाजू मोकळी करा. पेशंट हाय गाडीत."

"कोण हाय?"

"तांबी."

"बाई हाय?"

"बाईच हाय. पिशवीचं ऑपरेशन हाय पुण्याला."

बिड्या टाकल्या गेल्या. त्यातल्या दोघी तोडणीच्या बायका होत्या, डोक्याला फडकी बांधलेल्या, त्यांनी तर मोळ्या अशा फेकल्या की गड्यांना लाजवलं. एका गाडीपुरती वाट झाली. गणेशनं गाडी काढली. त्या अरुंद वाटेतून हळू जाताना एक माणूस काचेतून आत वाकला आणि ओरडला, "आरं! हे तर कुत्रं हाय!"

"कुत्रीच हाय," माय आतून म्हणाली. "पिशवी तिला बी असती."

तो माणूस मागं झाला. पलीकडच्या बाजूला उभी असलेली तोडणीवाली हसली नाही. तिनं हात हलवून गणेशला इशारा केला, जा, जा.

आता या हंगामात गणेशच्या गाडीत मुंबई-पुण्याचे लोक आपापली कुत्री घेऊन बसतात. लेण्या बघायला माणसांनी यायचं आणि कुत्र्याला हॉटेलात सोडायचं नाही, अशी नवी पद्धत आहे. ते त्यांना सीटवर बसवून चिकन बिस्किटं चारत असतात. गणेश आरशातून बघतो आणि म्हणतो, "साहेब, घाट उतरू द्या, मग काय घालायचं ते घाला." साहेबांना वाटतं ह्याला सीटची काळजी. ते म्हणतात, धुवायचे पैसे देऊ. तो मला हे फोनवर सांगतो.

खाऊ घालणं थांबवायला जे लागतं ते खाऊ घालायला लागत नाही. समोरचा जीव बघतोय, तुमच्या हाताकडं बघतोय, आणि तुम्ही हात मागं घेताय. त्याला कारण कळणार नाही. तुम्ही वाईट ठरणार. माझ्या ओळखीची शिकलेली माणसं सुद्धा एवढं वाईट ठरायला तयार नसतात.

त्या दिवशी नेवाशाच्या पुढं रस्ता मोकळा लागला. ऊन चढलं होतं. तांबी निपचित. माय तिच्या कानाच्या मागं बोट फिरवत होती आणि बोलत होती, माझ्याशी नाही, तिच्याशी.

"मला पण असंच नेलं होतं बाई. आबानं नेलं, जीपनं. आदल्या सांजंपासून खाऊ नको म्हणले. मी नाय खाल्लं. जीपमधी एक बाई संत्री सोलत होती. सगळ्यांना दिल्या फोडी. मला पण दिली. मी हातात धरून बसले. आबा म्हणला, फेक. फेकली." तिनं पदरानं तांबीचं तोंड पुसलं. "दवाखान्यात गेलो तर डॉक्टर नाय. आज येतो म्हणले, मग उद्या येतो म्हणले. तोवर काय खाऊ का, हे कुणाला इचारावं? सगळे कामात. आबा म्हणला, मधीच येईल डॉक्टर, राहू दे तसंच. राह्यले."

मला त्या ऑपरेशनचं माहीत होतं. माझी परीक्षा होती म्हणून मी शहरात मैत्रिणीकडं राहिले होते, घरी गेले तेव्हा ती खाटेवर होती आणि चुलतीनं सांगितलं, पिशवी काढली, आता बरी आहे. संत्र्याची फोड मला कुणी सांगितली नव्हती. आरशात गणेशचे डोळे मला दिसले. त्यालाही नव्हती.

पुण्याचा दवाखाना मोठा, स्वच्छ, फरशीवर पावलं उमटतील म्हणून माय दारातच चप्पल काढायला लागली. डॉक्टर बाई तरुण होत्या. तांबीला टेबलावर घेतलं आणि माझ्याकडं बघून विचारलं, "फोनवर तुम्हीच होतात ना? नक्की काय आणि किती खाल्लं?"

मायची एक सवय आहे. बँक असो, दवाखाना असो, तहसील असो, ती माझ्या दंडाला धरून मला पुढं सरकवते आणि म्हणते, हिला इचारा, ही शिकलेली हाय. मला त्याचा अभिमान वाटतो, खोटं कशाला बोलू. त्या दिवशी तिचा हात माझ्या दंडावर आला नाही.

"मी घातलं," ती म्हणाली. "भगर, कूट, दही. वाटी एवढी." तिनं दोन्ही तळवे जोडून दाखवले. "निम्म्याच्या वर पडलं वाटंत. रंग पांढराच होता, रगत नव्हतं. त्याच्यानंतर पाणी पण दिलं नाय. मागत होती. नाय दिलं."

डॉक्टरांनी मान हलवली. "बरं झालं नीट सांगितलंत मावशी."

मशीन लावलं. पोटात अजून थोडं होतं. सलाईन सुरू केली, ताप उतरवायचं इंजेक्शन दिलं आणि आम्हाला बाहेर बसवलं. थोडं थांबू, पुन्हा बघू, म्हणाल्या. त्या थांबण्याबद्दल मी जास्त लिहू शकत नाही. आवारात एक गुलमोहर होता, त्याच्याखाली बाकडं. समोर एक माणूस मांजराची पेटी मांडीवर घेऊन बसला होता. दार उघडलं की आम्ही तिघं उभे राहायचो, आणि दुसऱ्याच कुणाचं नाव पुकारलं जायचं. गणेश जाऊन वडापाव घेऊन आला. पुडकं बाकड्यावर राहिलं. तेल कागदातून बाहेर आलं, कागद पारदर्शक झाला, कुणी हात लावला नाही. मी डोक्यात हिशेब करत होते, भगर किती वेळात पचते. मला केमिस्ट्री येत होती आणि हे येत नव्हतं.

"मरंल का गं?" मायनं एकदाच विचारलं.

"माहीत नाही," मी म्हटलं. खोटं बोलायला हवं होतं असं वाटलं. पण खोटं बोलले असते तर तिला कळलं असतं.

दुसऱ्यांदा मशीन लावलं. डॉक्टर बाहेर आल्या, हातमोजे घालत घालत, म्हणाल्या, घेतेय आत. आणि दार लागलं.

सूर्य गुलमोहराच्या खाली आला तेव्हा ते उघडलं. पिशवी खूप मोठी झाली होती, वेळेवर निघाली, असं त्या म्हणाल्या. उलटी झाली नाही. हृदय एकदा मंदावलं होतं, पण सावरलं. "अजून शुद्धीवर यायचीय. तोवर ती सुटली असं मी म्हणत नाही. आत या, आवाज करू नका."

तांबी एका गरम गादीवर आडवी होती. पोटाचे केस काढलेले, टाक्यांवर पट्टी. जीभ बाहेर, एका बाजूला, कोरडी पडलेली. डोळे अर्धे उघडे आणि त्यात ती नव्हती. छाती तेवढी हलत होती. माय जमिनीवर बसली. कुणी खुर्ची दिली, तिनं बघितली पण नाही. ती जिभेकडं बघत होती.

बऱ्याच वेळानं तिनं मान वर केली.

"डॉक्टर, भुलीत भूक कळती का वो?"

डॉक्टर बाई हसल्या, थकलेलं हसू. "नाही मावशी. काही कळत नाही. ती गाढ झोपेत होती. भूक नाही, तहान नाही, दुखणं नाही."

"मला कळली होती," माय म्हणाली.

डॉक्टरांनी माझ्याकडं बघितलं. त्या खोलीत कुठलंतरी यंत्र बारीक आवाज करत होतं, आणि गणेश दाराकडं तोंड करून उभा होता.

मग तांबीचा कान हलला. अर्धा होता तो. डॉक्टर खाली बसल्या, तिच्या पापणीला बोट लावलं, जबडा हलवून बघितला, घशापाशी हात ठेवला. एका वाटीत पाणी आणलं, कापसाचा बोळा दिला मायच्या हातात.

"जीभ ओली करा. नुसती ओली. गिळते का बघा."

मायनं बोळा बुडवला. पिळला. पुन्हा पिळला, थेंब राहील एवढाच. आणि जिभेच्या टोकाला लावून थांबली. मी कधी तिला एवढं थोडं वाढताना बघितलेलं नाही. आम्ही सगळे तांबीच्या गळ्याकडं बघत होतो. काही झालं नाही. मायनं हात हलवला नाही. मग तो गळा, केसाखाली, एकदा वर सरकला आणि खाली आला.

"गिळलं," माय म्हणाली.